किल्ली कोणाकडे? भाडेकरू, सोबत राहणारा आणि पाहुणा

सांगलीत विश्रामबागेला एका काकूंच्या घराचा वरचा मजला नेहमी भाड्याने असतो. दोन खोल्या, बाहेरून जिना, वर गच्ची. इंजिनिअरिंग कॉलेज जवळ, त्यामुळे खोल्या कधी रिकाम्या राहत नाहीत. दोन वर्षांपूर्वी तासगावकडच्या एका मुलाने त्या घेतल्या. स्टॅम्पपेपरवर नोटरी करून अकरा महिन्यांचा करार झाला, तो संपला, आणि पुढे तोंडी तसंच चालू राहिलं. दिवाळीनंतर त्याचा धाकटा भाऊ चार दिवसांसाठी म्हणून आला. "पाहुणाच हाय काकू, परीक्षा झाली की जाईल." परीक्षा झाली, भाऊ गेला नाही. उन्हाळ्यात थोरल्याला पुण्यात नोकरी लागली. तो बॅग उचलून गेला, धाकटा राहिला, आणि काकूंच्या फोनवर एक तारखेला भाडं धाकट्याच्या खात्यातून यायला लागलं.

तिसऱ्या महिन्यात काकू जुना करार घेऊन माझ्याकडे आल्या. "आता हा पोरगा माझा भाडेकरू, का भाडेकरूचा पाहुणा, का आणि कोण? आणि मला खोली हवी झाली तर सांगायचं कुणाला?"

सांगली-मिरजेत भाडेकरारांची कामं करताना हा प्रश्न मला सारखा भेटतो. कधी विचारणारा मालक असतो, कधी कुपवाडला कारखान्यात लागलेला कामगार, कधी मिरजेत नर्सिंग शिकणारी मुलगी. सगळे 'भाडेकरू' हा एकच शब्द घरात राहणाऱ्या प्रत्येकाला लावतात आणि गोंधळ तिथूनच सुरू होतो. एकाच छपराखाली चार माणसं राहत असली तरी कायद्याच्या नजरेत ती चार वेगळ्या नात्यांनी राहत असू शकतात. ज्याचं जसं नातं, तसा त्याचा हक्क.

मी समोरच्याला आधी एकच गोष्ट विचारते. या माणसाला राहायला कुणी सांगितलं? मालकाने थेट, की दुसऱ्या कुणी? मालकाने थेट जागा दिली असेल तर तो हक्क त्याचा स्वतःचा. दुसऱ्या कुणामुळे तो राहत असेल तर त्याचा हक्क त्या दुसऱ्याच्या पदराला बांधलेला. पदर सुटला की हक्कही सुटला. मग विचारते किल्लीचं. कुलूप कुणाचं, किल्ली कुणाकडे, आणि आत जाताना कुणी कुणाला विचारायचं? या दोन प्रश्नांची उत्तरं मिळाली की निम्मं काम होतं.

ज्याला आपण भाडेकरू म्हणतो

सांगलीच्या गावभागात, पेठभागात जुने वाडे आहेत. त्यातल्या काही खोल्यांत आजोबांच्या काळापासून एकच कुटुंब राहतं. भाडं इतकं जुनं असतं की आज त्यात महिन्याचं दूधही येणार नाही. हे कुटुंब म्हणजे कायद्याच्या अर्थाने खरा भाडेकरू. त्याचं रक्षण पूर्वी 1947 चा मुंबई भाडे नियंत्रण कायदा करायचा. 31 मार्च 2000 पासून महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम 1999 करतो. हा कायदा सरसकट प्रत्येक गावाला लागू नाही, त्याच्या परिशिष्टांत दिलेल्या शहरी भागांना लागू आहे.

असा भाडेकरू वेळच्या वेळी भाडं देत असेल आणि जागा नीट वापरत असेल तर "मला तुम्ही नकोत" एवढ्या कारणावर मालक त्याला उठवू शकत नाही. कायद्यात मोजकी कारणं दिली आहेत: मालकाला स्वतःसाठी जागेची खरोखर गरज असणं, भाडेकरूने चोरून पोटभाडेकरू ठेवणं, म्हणजे जागा परस्पर दुसऱ्याला भाड्याने देणं, जागेचं नुकसान करणं, शेजाऱ्यांना सतत उपद्रव देणं, वाजवी कारण नसताना सलग 6 महिने जागा बंद ठेवणं, आणि अशीच आणखी काही. भाडं थकलं तरी आधी लेखी मागणीची नोटीस द्यावी लागते आणि त्यानंतर 90 दिवस थांबल्याशिवाय ताब्याचा दावाच लावता येत नाही. मालकाच्या बाजूनेही तरतूद आहे. तो दरवर्षी भाड्यात 4 टक्के वाढ करू शकतो. वाड्यांचे कित्येक मालक हे विसरलेले असतात, आणि वीस वर्षांनी एकदम बाजारभाव मागून भांडण ओढवून घेतात.

या भाडेकरूचा हक्क त्याच्या मृत्यूबरोबर संपत नाही. त्या वेळी त्याच्यासोबत राहणारा कुटुंबातला सदस्य त्याच्या जागी भाडेकरू होतो. असं कुणी नसेल तर वारस होतो, आणि घरच्यांत एकमत झालं नाही तर कोर्ट ठरवतं. म्हणून अशा वाड्यात "वडील गेले तेव्हा सोबत कोण राहत होतं" या एका प्रश्नावर दोन भावांत वर्षानुवर्षं केस चालते. शिधापत्रिका, मतदार यादी, गॅसचं कार्ड हे कागद तिथे फार बोलतात.

आता काकूंच्या वरच्या मजल्याकडे या. तिथे राहणाऱ्याला काकू भाडेकरू म्हणतात, तो स्वतःला भाडेकरू म्हणतो, मीही बोलताना तसंच म्हणते. पण आज शहरात होणारे बहुतेक करार 'लिव्ह अँड लायसन्स'चे असतात आणि त्यात राहणारा कायद्याने भाडेकरू नसतो, परवानाधारक असतो. मराठी करारात हाच शब्द छापलेला असतो. भाडेकरूला जागेत हितसंबंध मिळतो. परवानाधारकाला ठरलेल्या मुदतीपुरती, ठरलेले पैसे देऊन राहण्याची परवानगी मिळते, त्यापलीकडे काही नाही. मुदत संपली की त्याने जागा सोडायची. नाही सोडली तर मालक अधिनियमाच्या कलम 24 खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे अशी प्रकरणं ऐकायला नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, अर्ज करतो. समन्स मिळाल्यापासून 30 दिवसांत परवानाधारकाने बाजू मांडायची परवानगी मागावी लागते, आणि मुदतीनंतर जितके दिवस तो राहील तितक्या दिवसांचे दुप्पट दराने पैसे त्याच्यावर चढतात. वाड्यातल्या भाडेकरूची केस दहा-पंधरा वर्षं रेंगाळलेली मी पाहिली आहे. हा रस्ता त्यामानाने बराच जवळचा.

मग जुनी मंडळी "करार केला की तो हक्क सांगतो" म्हणून का घाबरतात? त्यामागे इतिहास आहे. पूर्वी भाडे कायद्यातून सुटण्यासाठी मालक भाडेकरूलाच 'परवानाधारक' म्हणायला लागले. तेव्हा सरकारने कायदा बदलला आणि 1 फेब्रुवारी 1973 रोजी जे परवानाधारक चालू कराराने जागेत राहत होते त्यांना भाडेकरूचा दर्जा देऊन टाकला. एका तारखेत कित्येकांची नाती बदलली. ती धास्ती घराघरांत उतरली, आणि आजही "कागदच नको, तोंडी बरं" असं म्हणणारे मालक भेटतात.

त्यांना मी 1999 च्या अधिनियमाचं कलम 55 वाचून दाखवते, कारण या बाबतीत सगळ्यात जास्त नुकसान कशाने होत असेल तर या गैरसमजाने. महाराष्ट्रात जागा भाड्याने दिली किंवा लिव्ह अँड लायसन्सवर दिली, तरी करार लेखी हवा आणि नोंदणीकृत, म्हणजे सरकारी निबंधकाकडे नोंदलेला हवा. नोंदणी करून घेण्याची जबाबदारी मालकाची. नोंदणीकृत करार नसेल तर जागा कोणत्या अटींवर दिली याबद्दल भाडेकरूचं म्हणणं ग्राह्य धरलं जातं, मालकाने उलट सिद्ध करेपर्यंत. शिवाय मालकाला 3 महिन्यांपर्यंत कैद किंवा 5,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. म्हणजे मालक स्वतःला वाचवायला कागद टाळतो आणि त्यामुळेच उघडा पडतो. उलट बाजूला, लेखी परवाना करारात जे लिहिलं आहे त्याला कलम 24 खालच्या प्रकरणात निर्णायक पुरावा मानतात.

अकरा महिन्यांची सवयही अशीच जुनी. 1908 च्या नोंदणी कायद्याप्रमाणे एक वर्षाहून जास्त मुदतीच्या भाडेपट्ट्याची नोंदणी सक्तीची होती, म्हणून लोक अकरा महिने लिहायचे. महाराष्ट्रात 2000 पासून त्या अकरा महिन्यांना तो अर्थ उरलेला नाही. करार अकरा महिन्यांचा असो की तीन वर्षांचा, नोंदणी लागतेच, आणि नोटरी म्हणजे नोंदणी नव्हे.

खर्च किती? मुद्रांक शुल्क एकूण भाड्याच्या 0.25 टक्के. परत मिळणाऱ्या डिपॉझिटवर वर्षाला 10 टक्के धरून तो आकडा भाड्यात मिळवतात. महिना 7,000 आणि डिपॉझिट 20,000 असेल तर अकरा महिन्यांचं मुद्रांक शुल्क दोनशे रुपयांच्या आसपास बसतं. नोंदणी फी शहरात 1,000 आणि ग्रामीण भागात 500. एजंट घेतो ते वेगळं. आता तर नोंदणी घरबसल्या लॅपटॉपवर होते. काकूंचा करार करायला मी त्यांच्या सोप्यात बसले होते. आधार जुळवायला अंगठा मशीनवर ठेवायचा, तर काकूंचा उमटेना. आयुष्यभर भांडी घासून बोटांच्या रेषा पुसट झालेल्या. ओल्या फडक्याने अंगठा पुसला, थोडा वेळ तळहातात धरून ऊब दिली, मग तर्जनी ठेवून पाहिली, शेवटी डाव्या हाताच्या मधल्या बोटाने काम झालं. वयस्कर मालक असतील तर एवढा वेळ हाताशी ठेवून बसा, घाई करू नका.

सोबत राहणारे

करारावर एकाचं नाव, घरात माणसं पाच. बायको, मुलं, म्हातारे आईवडील, शिकायला आलेला भाचा. हे सगळे सोबत राहणारे. करार करणाऱ्याचा हक्क चालू आहे तोवर त्यांचं राहणं पूर्ण कायदेशीर आहे, त्यांना कुणी बोट लावू शकत नाही. पण ते भाड्याला थेट बांधील नसतात आणि सहसा त्यांचा मालकाशी स्वतंत्र हक्कही नसतो. अपवाद वर सांगितला तो, जुन्या भाडेकरूच्या मृत्यूनंतर कुटुंबाला मिळणारा हक्क. लिव्ह अँड लायसन्समध्ये असा वारसा चालत नाही.

एक शब्द इथे समजून घ्या: भोगवटादार. घरपट्टीच्या उताऱ्यावर मालकाचं नाव आणि भोगवटादाराचं नाव असे दोन रकाने असतात. भोगवटादार म्हणजे जागा प्रत्यक्ष वापरणारा, एवढंच. त्या रकान्यात नाव चढलं म्हणून कुणी मालक होत नाही आणि भाडेकरूही ठरत नाही. लाइट बिल नावावर असणं, आधारवर तो पत्ता असणं, हे सगळं राहण्याचा पुरावा देतं. कोणत्या नात्याने राहतो हे त्यातून कळत नाही. सातबाऱ्यावरचा भोगवटादार वर्ग 1 आणि वर्ग 2 हा जमिनीचा वेगळाच मामला आहे, तो यात मिसळू नका.

पोटभाडेकरूचा प्रश्न इथूनच निघतो. भाचा सोबत राहतो, मामा-मामीही तिथेच राहतात, किल्ली मामाकडे: हे पोटभाडं नाही, भाचा घरखर्चाला दोन पैसे देत असला तरीही. पण मामा इस्लामपूरला स्वतःच्या नव्या घरात गेला, जुन्या खोलीला भाच्याने स्वतःचं कुलूप लावलं आणि तो मामाला महिन्याला पैसे देतो, तर कोर्ट काय म्हणेल याचा अंदाज तुम्हीच करू शकता. कोर्ट दोन गोष्टी बघतं: ताबा पूर्ण दुसऱ्याकडे गेला का, आणि त्याच्या बदल्यात पैसे किंवा दुसरं काही मिळालं का. 1999 च्या कायद्यात मालकाशी तसं ठरलेलं नसेल तर पोटभाडेकरू ठेवता येत नाही, आणि ठेवला तर मूळ भाडेकरूची जागा जाऊ शकते.

विद्यार्थ्यांचं बघा. चार मुलं मिळून टू रूम किचन घेतात, करारावर सही एकाची. मालकाला वाटतं एक माणूस धरायला बरा. मुलांना वाटतं कटकट वाचली. मग सही करणारा तिसऱ्या वर्षी इंटर्नशिपला जातो आणि उरलेल्या तिघांपाशी मालकाला दाखवायला स्वतःचं काही नसतं. डिपॉझिट परत मागायचा हक्कही त्या एकाचाच. उलट चौथ्याने बाथरूमचं दार मोडलं तर मालक पैसे मागणार सही करणाऱ्यालाच. माझा सल्ला सरळ आहे: जे कायम राहणार आहेत त्या सगळ्यांची नावं करारात परवानाधारक म्हणून घाला आणि डिपॉझिटमध्ये कुणाचा किती वाटा ते लिहा. एक मुलगा बदलला तर नवा करार करा. दीड हजारात काम होतं.

कॉट बेसिसचं, म्हणजे एका खाटेपुरत्या जागेचं, थोडं वेगळं आहे. मालक स्वतः त्याच घरात राहतो आणि एखादी खोली देतो, तेव्हा त्या खोलीत राहणारा झाला पेईंग गेस्ट. कायद्यात पेईंग गेस्टची वेगळी व्याख्या आहे, आणि तो परवानाधारकाच्या व्याख्येतून मुद्दाम वगळला आहे. वसतिगृह, लॉजिंग, गेस्ट हाऊसमधले राहणारेही वगळले आहेत. म्हणजे त्यांचं नातं ठरवणारा कागद त्यांच्यातच झालेला करार. मुलींनो, म्हणून त्या कागदावर लिहून घ्या: जेवण धरून की सोडून, किती दिवसांची नोटीस, डिपॉझिट कधी परत, खोलीत दुसरी मुलगी आणणार का. आणि दर महिन्याची पावती किंवा फोनवरून पाठवलेल्या पैशांची नोंद जपून ठेवा.

पाहुणा

पाहुण्याला हक्क नसतो, मान असतो. यजमान जोवर "राहा" म्हणतो तोवर त्याने राहायचं. मालकाशी त्याचं काही देणंघेणं नाही. जागेचा ताबा त्याच्याकडे नसतो, यजमानाकडेच असतो, म्हणून त्याला जा म्हणायला कोर्टाची पायरी चढावी लागत नाही.

इंटरनेटवर वाचून लोक मला विचारतात, "मॅडम, चौदा दिवस राहिला की पाहुणा भाडेकरू होतो ना?" हा परदेशातल्या काही राज्यांचा आकडा आहे. आपल्या भाडे कायद्यात असा दिवसांचा हिशोब कुठेच नाही. करारात मालकाने "पाहुणा सात दिवसांपेक्षा जास्त राहणार असेल तर कळवावे" अशी अट घातली असेल तर ती करारापुरती पाळायची. अशी अट असणं चांगलंच, पण ती मोडली म्हणून पाहुणा भाडेकरू होत नाही, करार करणाऱ्याने अट मोडली एवढंच होतं.

सांगलीकरांना हे पुराच्या वेळी फार जवळून कळलं आहे. 2019 च्या ऑगस्टमध्ये कृष्णा गावभागात शिरली तेव्हा आमच्याकडे आतेभावाचं कुटुंब राहायला आलं. सहा माणसं, दोन गाद्या, एक गॅस सिलिंडर, आणि प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेली मुलांची सर्टिफिकेटं. पाणी उतरलं, पण घर वाळायला, गाळ काढायला, भिंतींचा वास जायला दीड महिना गेला. वहिनी भाजी आणायची, दूध आणायची, जाताना तिने लाइट बिलाचे म्हणून पैसे आईच्या हातात कोंबले. त्याने ती भाडेकरू झाली का? नाही. घरखर्चात हातभार लावणं म्हणजे भाडं नव्हे. भाडं म्हणजे जागेच्या वापराबद्दल ठरवून द्यायचे पैसे. त्या वर्षी कितीतरी घरांत असे पाहुणे दीड-दोन महिने राहिले, आणि 2021 च्या पुरात पुन्हा राहिले. ज्यांनी दारं उघडली त्यांनी कायद्याला घाबरायचं काही कारण नव्हतं आणि पुढेही नाही. हे मी मुद्दाम लिहिते आहे, कारण "नंतर निघाले नाहीत तर?" या भीतीने दार अर्धं उघडणारेही मी पाहिले आहेत.

मग नातेवाईक दहा वर्षं राहिला तर? मोकळ्या घराची देखभाल करायला ठेवलेलं जोडपं वीस वर्षं राहिलं तर? "बारा वर्षं झाली की घर त्याचं" हे वाक्य चहाच्या टपरीपासून लग्नाच्या मांडवापर्यंत सगळीकडे ऐकू येतं. बारा वर्षांचा आकडा खोटा नाही, तो 1963 च्या मुदत कायद्यातला आहे. पण ती बारा वर्षं मालकाच्या हक्काविरुद्ध, उघडपणे, जागा आपलीच म्हणून धरलेल्या ताब्याची असतात. मालकाच्या परवानगीने राहिलेला माणूस कितीही वर्षं राहिला तरी तो परवानगीनेच राहिलेला. सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्ये गोव्याच्या एका घराच्या प्रकरणात, मारिया मार्गारिडा फर्नांडिस खटल्यात, हे स्वच्छ सांगितलं: फुकट राहायला दिलेल्या नातेवाइकाला, राखणदाराला किंवा नोकराला नुसत्या दीर्घ वास्तव्याने जागेत हक्क मिळत नाही. तरी परवानगीने राहतो असं एक साधं पत्र, दोघांच्या सहीचं, सुरुवातीलाच करून ठेवा. वीस वर्षांनी परवानगी दिली होती हे सांगायला देणारा हयात असेलच असं नाही.

घरच्या माणसांना हा पाहुण्याचा नियम लावायला जाऊ नका. सून सासऱ्याच्या घरात राहते म्हणजे ती पाहुणी नाही. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याने बाईला सामायिक घरात राहण्याचा हक्क दिला आहे, आणि घर सासूच्या किंवा सासऱ्याच्या नावावर असलं तरी ते सामायिक घर असू शकतं असं सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये सांगितलं. "घर माझ्या नावावर आहे, हिला उद्या बाहेर काढतो" म्हणत जे सासरे माझ्याकडे आले त्यांना मी हेच सांगितलं.

कुलूप घालू नका

मुदत संपलीय, माणूस हलत नाही, भाडं थकलंय. मालकाचा जीव मेटाकुटीला येतो हे मला ठाऊक आहे, कारण बहुतेक मालक काही धनदांडगे नसतात. निवृत्त शिक्षक असतात, विधवा बायका असतात, त्या भाड्यावर त्यांची औषधं चालतात. तरीही कुलूप बदलणं, सामान जिन्यात आणून ठेवणं, पाण्याचा कॉक बंद करणं, यातलं काही करू नका. भाडेकरूचं पाणी-वीज कारण नसताना तोडायला 1999 च्या कायद्यातच बंदी आहे. आणि ज्याचा ताबा स्थिर झाला आहे त्याला, त्याचा राहण्याचा हक्क संपला असला तरी, कायद्याच्या मार्गानेच बाहेर काढायचं, असं सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्ये कृष्णराम महाले यांच्या प्रकरणात सांगितलं आहे. तुम्ही जबरदस्तीने काढलं तर तो 6 महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मागू शकतो, आणि त्या दाव्यात मालकी कुणाची हा प्रश्न कोर्ट विचारातही घेत नाही. स्वतःच्याच घराची किल्ली तुम्हाला परत त्याच्या हातात द्यावी लागेल.

आता काकूंच्या त्या धाकट्याचं. दिवाळीनंतर आला तेव्हा तो पाहुणा. महिने उलटले, थोरला सोबत होता, तेव्हा तो सोबत राहणारा. थोरला गेला आणि किल्ली याच्या एकट्याच्या हातात आली, तिथे नातं डळमळीत झालं. आणि काकूंनी तीन महिने याच्याच खात्यातून भाडं घेतलं तेव्हा "मला काकूंनीच ठेवलं" असं म्हणायला त्याला पुरावा मिळाला. नोंदणीकृत करार कुणाचाच नाही. उद्या वाद झाला असता तर कलम 55 प्रमाणे अटींबद्दल त्याचं म्हणणं आधी ऐकलं गेलं असतं. मी काकूंना म्हटलं, पैसे कुणाच्या खात्यातून येतात याकडे लक्ष ठेवा. दुसऱ्याने भरले तर त्याच दिवशी "अमक्याच्या वतीने मिळाले" असा निरोप तरी लिहून पाठवा.

पोरगा सज्जन होता, हे काकूंचं नशीब. आम्ही थोरल्याला पुण्याहून एका रविवारी बोलावलं. त्याने खोल्यांचा ताबा काकूंना परत दिल्याचं लिहून दिलं, डिपॉझिटचा हिशोब मिटवला. काकूंनी दोन्ही खोल्यांतून फिरून नळ, पंखे, खिडक्यांच्या काचा बघितल्या आणि फोटो काढून घेतले. मग धाकट्याच्या नावाने नवा करार झाला, नोंदणी झाली, त्यात "परवानाधारकाशिवाय इतर कोणी सात दिवसांपेक्षा जास्त राहणार असल्यास लेखी कळवावे" ही ओळ काकूंनी स्वतः सांगून घालून घेतली. पोलिसांच्या संकेतस्थळावर भाडेकरूची माहितीही भरली.

थोरल्याने खिशातून किल्ली काढून काकूंच्या हातात दिली. काकूंनी ती मिनिटभर आपल्याकडे ठेवली, पावतीवर सही केली, आणि मग धाकट्याला दिली.